चार महिन्यांची गैरहजेरी आणि सत्तावीस वर्षांची सेवा

वाचकाचे पत्र

नमस्कार. मी जिल्हा परिषदेच्या प्राथमिक शाळेत उपशिक्षिका आहे. जन्मतारीख १ जून १९६९, म्हणजे ३१ मे २०२७ रोजी निवृत्त होईन. जिल्हा परिषदेत १२ जुलै १९९९ ला नियमित वेतनश्रेणीत रुजू झाले. त्याआधी १५ जून १९९६ ते ३० जून १९९९ एका खासगी अनुदानित माध्यमिक शाळेत होते. झेडपीची ऑर्डर आल्यावर तिथे राजीनामा दिला. २०११ मध्ये आंतरजिल्हा बदलीने या जिल्ह्यात आले.

सासूबाईंच्या आजारपणात १ ऑगस्ट २००८ ते ३० सप्टेंबर २००९ बिनपगारी रजा घेतली. २०१३ मध्ये ऑपरेशनसाठी ४ फेब्रुवारी ते ३ मे बिनपगारी रजा होती. २०१६ मध्ये डेंग्यू आणि नंतर कावीळ झाली, २० जून ते १९ ऑक्टोबर शाळेत जाऊ शकले नाही. अर्ज पोस्टाने पाठवला होता, हजर होताना फिटनेस सर्टिफिकेटही दिले. पण मंजुरीचा आदेश निघाला नाही आणि सेवापुस्तकात ‘विनापरवानगी गैरहजर’ असे लिहिले आहे.

आता पंचायत समितीत सांगतात की ३३ वर्षे भरत नाहीत म्हणून पेन्शन कापली जाईल, आणि २०१६ च्या खंडामुळे त्याआधीची सगळी सेवा बाद होईल. एक सहकारी म्हणतात, २०११ ला इथे रुजू झाल्यामुळे मी जुन्या पेन्शनमध्येच बसत नाही. शेवटचे मूळ वेतन ६२,२०० असेल. खासगी शाळेची तीन वर्षे जोडता येतील का? काय करू?

— एक शिक्षिका

उत्तर

ताई, नमस्कार.

तुम्हाला सांगितलेल्या तीन गोष्टींपैकी दोन सरळ चुकीच्या आहेत. तिसरी, म्हणजे २०१६ च्या खंडाची, अर्धी खरी आहे आणि तीच तातडीने मिटवायला हवी. २००८-०९ च्या चौदा महिन्यांच्या रजेने तुमचे फारसे बिघडत नाही, कारण तिला मंजुरी आहे. २०१६ चे चार महिने लहान असूनही धोक्याचे आहेत, कारण त्यांच्यावर कुणाचीच सही नाही. निवृत्तीला अजून अवधी आहे, तेवढ्यात हे काम होते. निवृत्तीनंतर तेच काम वर्षानुवर्षे रेंगाळते.

आधी ३३ वर्षांचे. पूर्ण पेन्शनसाठी ३३ वर्षे सेवा हवी, हा नियम एके काळी होता. महाराष्ट्रात तो २००९ मध्येच गेला. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ जिल्हा परिषदेच्या शिक्षकांनाही लागू आहेत. आता पेन्शनसाठी मोजली जाणारी २० वर्षे सेवा झाली की शेवटच्या मूळ वेतनाच्या ५० टक्के किंवा शेवटच्या १० महिन्यांच्या सरासरीच्या ५० टक्के, यांपैकी जे फायद्याचे असेल ते निवृत्तिवेतन मिळते. तुमची २६ वर्षांहून अधिक सेवा भरते. म्हणजे ६२,२०० चे निम्मे, ३१,१०० रुपये, आणि त्यावर वेळोवेळी लागू असणारी महागाई वाढ. यात कपात नाही. इतकी वर्षे उलटूनही ३३ वर्षांचा हिशेब काही टेबलांवर जिवंत आहे, कारण उपदानाच्या म्हणजे ग्रॅच्युइटीच्या गणितात ३३ हा आकडा अजून आहे. तिथे सहा-सहा महिन्यांची कमाल ६६ अर्धवर्षे, म्हणजे ३३ वर्षे, धरतात. दोन वेगळी गणिते एकत्र कालवली जातात आणि शिक्षक घाबरतो.

२०११ च्या बदलीचेही तसेच. जुनी पेन्शन की नवी, हे ठरते पहिल्या नियुक्तीच्या तारखेवर. १ नोव्हेंबर २००५ रोजी किंवा त्यानंतर नेमणूक झालेल्यांना परिभाषित अंशदान योजना आणि पुढे राष्ट्रीय निवृत्तिवेतन योजना लागू झाली. तुमची नेमणूक १९९९ ची. आंतरजिल्हा बदलीत नव्या जिल्ह्यात सेवाज्येष्ठता शून्यापासून सुरू होते, त्यामुळे ‘नव्याने लागलात’ असा समज पसरतो. पण ज्येष्ठता वेगळी आणि पेन्शनची सेवा वेगळी. बदली म्हणजे नवी नियुक्ती नव्हे. तुमचा भविष्य निर्वाह निधी अजून कपात होत असेल, तर तोच सर्वांत सोपा पुरावा. तेवढे दोन कागद मात्र हाताशी ठेवा: बदलीचा आदेश, ज्यात ‘आंतरजिल्हा बदली’ हे शब्द आहेत, आणि जुन्या जिल्हा परिषदेचे कार्यमुक्ती पत्र. कार्यमुक्त झाल्याची आणि नव्या शाळेत हजर झाल्याची तारीख यांमध्ये दिवस गेले असतील, तर ते पदग्रहण अवधी (बदलीनंतर रुजू व्हायला मिळणारा काळ) म्हणून नोंदले आहेत का, ते पाहा. जुन्या जिल्ह्यातला भविष्य निर्वाह निधी व्याजासह इकडे वर्ग झाला का, हेही आत्ताच विचारा. अनेकांची ही रक्कम निवृत्तीच्या दिवशी ‘तिकडे अडकलेली’ सापडते.

(ज्यांची नेमणूक १ नोव्हेंबर २००५ नंतरची, पण भरतीची जाहिरात त्याआधीची, अशा राज्य शासकीय कर्मचाऱ्यांसाठी वित्त विभागाचा २ फेब्रुवारी २०२४ चा निर्णय आहे. त्यात एकदाच विकल्प द्यायचा होता. तो विषय तुमचा नाही.)

आता मुख्य गोष्ट. अर्हताकारी सेवा म्हणजे पेन्शनसाठी मोजली जाणारी सेवा. पगारी रजा, मग ती अर्जित असो, अर्धवेतनी असो, परिवर्तित असो की प्रसूती रजा, पूर्ण मोजली जाते. आपण ज्याला ‘बिनपगारी’ म्हणतो त्या असाधारण रजेत मात्र दोन प्रकार आहेत. वैद्यकीय प्रमाणपत्रावर मंजूर झालेली असाधारण रजा मोजली जाते. घरगुती कारणासाठी घेतलेली साधारणतः मोजली जात नाही. पण न मोजणे म्हणजे सेवा तुटणे नव्हे. मंजूर रजेने सेवा तुटत नाही, तेवढा काळ फक्त वजा होतो.

या चौकटीत तुमचा हिशेब असा. १२ जुलै १९९९ ते ३१ मे २०२७ म्हणजे २७ वर्षे १० महिने २० दिवस. सासूबाईंच्या आजारपणाची रजा १ वर्ष २ महिने. आजार सासूबाईंचा होता, तुमचा नव्हे, म्हणून ती वजा होईल. २०१३ ची तीन महिन्यांची रजा ऑपरेशनची, ती मोजली जायला हवी. राहिले २०१६ चे चार महिने.

याच निवृत्तिवेतन नियमांतला नियम ४७ म्हणतो की सेवेत खंड पडला तर त्याआधीची सेवा गमावली जाते. तुमच्या पंचायत समितीने एवढेच वाक्य वाचलेले दिसते. त्याच नियमात अपवाद दिले आहेत आणि हेही दिले आहे की रजेविना झालेली गैरहजेरी नियुक्ती प्राधिकाऱ्याला पूर्वलक्षी प्रभावाने असाधारण रजेत बदलता येते. त्याच्या पुढचा नियम ४८ खंड क्षमापित, म्हणजे माफ, करण्याचा आहे. आटोक्याबाहेरच्या कारणाने पडलेला आणि सगळे मिळून एक वर्षाच्या आतला खंड त्यात बसू शकतो. म्हणजे दार बंद नाही. पण ‘विनापरवानगी गैरहजर’ ही नोंद तशीच पुढे गेली आणि छाननीत कुणी खंडाचा शेरा मारला, तर मोजायला उरते २० ऑक्टोबर २०१६ पासूनची सेवा: १० वर्षे ७ महिने १२ दिवस. वीस वर्षांचा निकष हुकतो. उपदान ५३ अर्धवर्षांऐवजी २१ अर्धवर्षांवर येते. दर अर्धवर्षाला पाव महिन्याचे वेतन मिळते, म्हणजे हा फरक आठ महिन्यांच्या वेतनाचा झाला. नुसते मूळ वेतन धरले तरी ४,९७,६०० रुपये. तुमचे म्हणणे ऐकून न घेता असा खंड नोंदवणे योग्य ठरणार नाही, पण निवृत्तीनंतर त्यासाठी भांडत बसण्यापेक्षा आज आदेश मिळवणे कितीतरी सोपे.

तो मिळवताना बहुतेक जण घाईत ‘असाधारण रजा मंजूर करावी’ असा अर्ज देतात. तुम्ही तसे करू नका. आधी रजेचा हिशेब काढा. प्राथमिक शिक्षकाच्या खात्यावर वर्षाला २० दिवस अर्धवेतनी रजा जमा होते. २०१६ पर्यंत तुमची जवळपास १७ वर्षे झाली होती. बिनपगारी काळामुळे होणारी थोडी घट आणि वापरलेली रजा वजा करूनही तेव्हा बरीच अर्धवेतनी रजा शिल्लक असणार. गैरहजेरी होती १२२ दिवसांची. असाधारण रजा द्यायची ती दुसरी कोणतीही रजा देय नसेल तेव्हा, किंवा कर्मचाऱ्याने स्वतः लेखी मागितली असेल तेव्हा. म्हणून मागणी अशी करा: वैद्यकीय कारणास्तव १२२ दिवसांची अर्धवेतनी रजा मंजूर करावी, आणि तेवढी शिल्लक नसेल तर उरलेल्या दिवसांपुरती वैद्यकीय प्रमाणपत्रावर असाधारण रजा. हे मंजूर झाले तर तो काळ पूर्ण मोजला जाईल आणि अर्ध्या पगाराची थकबाकीही निघेल.

अर्ज मुख्याध्यापकांमार्फत गटशिक्षणाधिकाऱ्यांकडे आणि तिथून शिक्षणाधिकारी (प्राथमिक) यांच्याकडे जाईल. आदेश नियुक्ती प्राधिकाऱ्यांच्या पातळीवरचा हवा. मुख्याध्यापकांनी हजर करून घेतल्याचे पत्र म्हणजे मंजुरी नव्हे. सोबत जोडायचे कागद: २०१६ च्या अर्जाची प्रत आणि पोस्टाची पावती सापडली तर ती, दवाखान्याचे डिस्चार्ज कार्ड, रक्ततपासणीचे रिपोर्ट, आजारपणाचे आणि फिटनेसचे प्रमाणपत्र, २० ऑक्टोबर २०१६ चा हजर अहवाल, त्या महिन्यांच्या हजेरीपटाची प्रत. डॉक्टरांचे प्रमाणपत्र आज नव्याने आणू नका. दहा वर्षांपूर्वीच्या आजारावर आजच्या तारखेचे प्रमाणपत्र पाहिले की फाइलवर शंका घेतली जाते आणि चांगले प्रकरणही बिघडते. त्या वेळचे कागद हरवले असतील तर दवाखान्यातून नोंदवहीचा उतारा मागा. एवढ्या मोठ्या काळासाठी कार्यालय जिल्हा शल्यचिकित्सकांचे मत मागवू शकते, त्याची तयारी ठेवा. प्रत्येक अर्जावर आवक शिक्का आणि क्रमांक घ्या. तोंडी ‘पाठवतो’ याला काही अर्थ नाही.

समजा वैद्यकीय कारण मान्य झालेच नाही आणि नुसती असाधारण रजा दिली, किंवा तो काळ ‘अकार्यदिन’ (काम नाही, पगार नाही, पण सेवा तुटत नाही असे दिवस) ठरवला, तरी खचून जाऊ नका. आधीची सेवा त्याने वाचते, फक्त चार महिने वजा होतात. त्याचा पैशात परिणाम किती, तेही पाहा. उपदान मोजताना सेवा पूर्ण झालेल्या अर्धवर्षांत मोजतात, आणि ३ महिने किंवा त्याहून अधिक उरले तर ते एक अर्धवर्ष धरतात. चार महिने वजा केले तर तुमची सेवा २६ वर्षे ४ महिने २० दिवस, म्हणजे ५३ अर्धवर्षे. चार महिने मिळाले तर २६ वर्षे ८ महिने २० दिवस. सहा महिन्यांचे एक अर्धवर्ष, वरचे २ महिने २० दिवस सोडून दिले जातात. पुन्हा ५३ च. म्हणजे वैद्यकीय की साधी, यावर हट्ट धरून आदेशच लांबवू नका. काही ना काही मंजुरी कागदावर येणे हे त्याहून महत्त्वाचे.

उलट २०१३ च्या ऑपरेशनच्या रजेकडे तुमचे लक्ष दिसत नाही, तिथे खरोखर एक अर्धवर्ष अडकले आहे. त्या आदेशात बहुधा नुसते ‘विनावेतन रजा मंजूर’ असे लिहिले असेल. वैद्यकीय प्रमाणपत्राचा उल्लेख नसेल तर छाननी करणारा ती वजा करतो, आणि मग चार महिनेही गेले तर सेवा २६ वर्षे १ महिना २० दिवस, ५२ अर्धवर्षे. मूळ आदेश काढून पाहा. उल्लेख नसेल तर दुरुस्ती आदेश मागा आणि सेवापुस्तकात अशा अर्थाची नोंद करून घ्या: ‘दि. ४.२.२०१३ ते ३.५.२०१३ असाधारण रजा वैद्यकीय प्रमाणपत्राच्या आधारे मंजूर, आदेश क्रमांक व दिनांक अमुक. सदर कालावधी निवृत्तिवेतनासाठी अर्हताकारी.’ खाली अधिकाऱ्याची सही, हुद्द्याचा शिक्का आणि तारीख. क्रमांक आणि तारीख नसलेली नोंद छाननीत टिकत नाही.

खासगी अनुदानित शाळेची तीन वर्षे. राजीनामा दिला की आधीची सेवा जाते, हा सर्वसाधारण नियम आहे (नियम ४६). पण दुसरी पेन्शनपात्र नोकरी घेण्यासाठी, रीतसर परवानगीने दिलेला राजीनामा त्यातून वगळला आहे. त्यामुळे सगळे अवलंबून आहे १९९९ च्या कागदांवर. संस्थेमार्फत अर्ज केला होता का? राजीनाम्यात ‘जिल्हा परिषदेत निवड झाल्यामुळे’ असे कारण लिहिले आहे का? झेडपीच्या नियुक्ती आदेशाची तारीख राजीनाम्याच्या आधीची आहे का? शिवाय त्या शाळेतले पद अनुदानावर होते हे दाखवणारी शिक्षणाधिकाऱ्यांची वैयक्तिक मान्यता, नियुक्ती आदेश, कार्यमुक्ती पत्र आणि तिथले सेवापुस्तक लागेल. वैयक्तिक मान्यता नसेल तर पुढे जाण्यात अर्थ नाही, कारण नुसत्या संस्थेच्या दाखल्यावर ही सेवा धरली जात नाही. तिथून सेवेबद्दल काही उपदान घेतले असेल तर ते परत करण्याचा प्रश्न येईल. १ ते ११ जुलै १९९९ हे मधले ११ दिवस क्षमापित करून घ्यावे लागतील आणि तेवढे दिवस मोजले जाणार नाहीत.

हे करायचे का? पेन्शनच्या रकमेत याने एक रुपयाही वाढ होणार नाही, कारण ५० टक्के तुम्हाला आधीच मिळणार आहेत. वाढेल फक्त उपदान. ३ वर्षे १६ दिवस धरले तर ५३ ऐवजी ५९ अर्धवर्षे होतात, म्हणजे दीड महिन्याचे वेतन, मूळ वेतनावर ९३,३०० रुपये. आणि इथे २०१६ चे चार महिने पुन्हा कामाला येतात: तेही मोजले गेले तर एकूण २९ वर्षे ९ महिने ६ दिवस भरतात आणि ६० वे अर्धवर्ष पदरात पडते. कागद हाताशी असतील तर जरूर मागणी करा, पण स्वतंत्र अर्जाने. मुख्य पेन्शन प्रस्तावाला ती जोडू नका. जुन्या संस्थेकडून एक पत्र येईपर्यंत अख्खा प्रस्ताव टेबलावर पडून राहतो, असे घडू देऊ नका.

आता एक गोष्ट जी तुम्ही विचारलेली नाही, पण तुमच्या बाबतीत हमखास निघेल. २००८-०९ च्या रजेत तुमच्या वेतनवाढीचे काय झाले? सहाव्या वेतन आयोगात सगळ्यांची वेतनवाढ १ जुलैला होती, आणि त्यासाठी आधीच्या वर्षात किमान सहा महिने मोजली जाणारी सेवा लागे. जुलै २००८ ते जून २००९ या वर्षात तुमचा फक्त एक महिना भरतो. म्हणजे १ जुलै २००९ ची वेतनवाढ देय नव्हती. ती दिली गेली असेल, तर तिथपासून आजपर्यंतचा प्रत्येक पगार एक पायरी वर आहे. १२ वर्षांच्या सेवेनंतर मिळणाऱ्या वरिष्ठ वेतनश्रेणीची तारीखही पाहा. १४ महिने न धरता ती थेट जुलै २०११ पासून दिली असेल तर तोही आक्षेप येईल. २०१६ मध्ये १ जुलैला तुम्ही शाळेत नव्हतात, तेव्हा ती वेतनवाढ प्रत्यक्ष हजर झाल्याच्या दिवसापासून लागते.

वेतनपडताळणी पेन्शनच्या वेळी होते आणि असा अतिप्रदानाचा, म्हणजे चुकून जास्त दिलेल्या पगाराचा, आकडा तेव्हाच समोर येतो, उपदानातून वसुलीच्या रूपात. सर्वोच्च न्यायालयाने पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह या प्रकरणात १८ डिसेंबर २०१४ रोजी सांगितले आहे की वर्ग ३ आणि ४ च्या कर्मचाऱ्यांकडून, निवृत्त झालेल्यांकडून किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून, तसेच पाच वर्षांहून अधिक काळ चुकून दिलेल्या रकमेची वसुली करू नये. तुम्ही वर्ग ३ मध्ये येता. पण २०१६ मध्येच जगदेव सिंग प्रकरणात त्याच न्यायालयाने असेही म्हटले की वेतननिश्चितीच्या वेळी ‘जास्त रक्कम दिली गेल्यास परत करीन’ असे वचनपत्र दिले असेल तर वसुली चालू शकते. ते प्रकरण न्यायिक अधिकाऱ्याचे होते, तरी कार्यालये त्याचा आधार घेतात. सहाव्या आणि सातव्या आयोगाच्या वेतननिश्चितीला असे वचनपत्र तुमच्याकडून घेतले होते का, हे सेवापुस्तकात चिकटवलेल्या कागदांत शोधा. आणि हे लक्षात घ्या की न्यायालयाचे संरक्षण वसुलीपुरते आहे. वेतन चुकले असेल तर ते दुरुस्त होऊन पेन्शन खालच्या पायरीवर ठरू शकते. म्हणून पडताळणी आत्ताच करून घ्या, म्हणजे ६२,२०० हा आकडा पक्का आहे की नाही ते कळेल.

सेवापुस्तक हातात घेऊन पानापानाने वाचा. दुय्यम प्रत असेल तर मूळ पुस्तकाशी ताडून पाहा. दाखवत नसतील तर माहिती अधिकारात प्रत मागा. दरवर्षीच्या सेवापडताळणीचा शेरा, म्हणजे अमुक तारखेपासून अमुक तारखेपर्यंतची सेवा वेतन देयकांवरून पडताळली, हा एकही वर्ष न सुटता हवा. बदली झालेल्या शिक्षकांच्या पुस्तकात नेमके बदलीचे वर्ष सुटते, कारण जुने कार्यालय म्हणते नव्याने करा आणि नवे म्हणते जुन्याने. ती पोकळी वेतन देयके, भविष्य निर्वाह निधीची वार्षिक विवरणपत्रे आणि हजेरीपट यांवरून भरता येते. १४ ते २० मार्च २०२३ च्या संपात सहभागी होता का? असाल तर ते दिवस कोणत्या आदेशाने नियमित केले, याची नोंद आहे का पाहा. नाव, जन्मतारीख आणि जोडीदाराचे नाव आधार, बँक पासबुक आणि सेवापुस्तक यांत एकसारखे असू द्या. नामनिर्देशन आणि कुटुंबाचा तपशील देणारा नमुना ३ नव्याने भरून द्या.

पेन्शनची कागदपत्रे निवृत्तीच्या दोन वर्षे आधीपासून तयार करायला घ्यायची आणि सहा महिने आधी मंजुरीसाठी पाठवायची, असा क्रम आहे. म्हणजे ३० नोव्हेंबर २०२६ पर्यंत तुमचा प्रस्ताव पंचायत समितीतून शिक्षण विभागामार्फत जिल्हा परिषदेच्या वित्त विभागाकडे गेलेला असावा. त्याआधी २०१६ चा आदेश आणि २०१३ ची दुरुस्ती सेवापुस्तकात चढलेली हवी. ना-देय आणि ना-चौकशी प्रमाणपत्रे मागाहून जोडता येतात, त्यासाठी प्रस्ताव अडवू देऊ नका.

अंशराशीकरण, म्हणजे पेन्शनचा काही भाग सोडून त्याबदली एकरकमी पैसे घेणे, करायचे ठरवले तर पेन्शनच्या ४० टक्क्यांपर्यंत भाग विकता येतो. ३१,१०० चे ४० टक्के म्हणजे १२,४४०. १ जून २०२७ ला तुम्हाला ५८ पूर्ण होतात, म्हणून पुढचा वाढदिवस ५९ वा, त्यासाठी तक्त्यात ८.३७१ हा गुणक आहे. १२,४४० गुणिले १२ गुणिले ८.३७१ म्हणजे सुमारे १२,४९,६२३ रुपये एकरकमी. दरमहा हातात १८,६६० आणि महागाई वाढ मात्र पूर्ण ३१,१०० वर. कापलेला भाग १५ वर्षांनी पूर्ववत होतो. एका वर्षाच्या आत अर्ज केला तर वैद्यकीय तपासणी लागत नाही. कर्ज फेडायचे असेल किंवा घराचे काम असेल तर घ्यावे. नुसते बँकेत ठेवायचे असेल तर व्याजदर पाहून मगच ठरवा. तुमच्या पश्चात पतींना मिळणाऱ्या कुटुंब निवृत्तिवेतनावर याचा परिणाम होत नाही. ते मूळ वेतनाच्या ३० टक्के, म्हणजे तुमच्या बाबतीत १८,६६० असते, आणि निवृत्तीनंतर मृत्यू झाल्यास सुरुवातीची ७ वर्षे किंवा तुमच्या वयाच्या ६५ व्या वर्षापर्यंत, जे आधी संपेल तोवर, वाढीव दराने मिळते.

३० जूनला निवृत्त होणाऱ्यांना १ जुलैची काल्पनिक वेतनवाढ धरून पेन्शन मिळते, हे तुम्ही ऐकले असेल. राज्याचा तसा निर्णय २८ जून २०२३ चा आहे. तो तुम्हाला लागू होत नाही. महिन्याच्या १ तारखेला जन्मलेला कर्मचारी आधीच्या महिन्याच्या अखेरीस निवृत्त होतो, म्हणून तुम्ही ३१ मे ला बाहेर पडता. शाळेच्या दाखल्यावर १ जून लागलेल्या हजारो शिक्षकांची हीच अडचण आहे.

प्रस्ताव वेळेत गेला नाही किंवा त्रुटी काढून परत आला, तर १ जून २०२७ पासून तात्पुरते निवृत्तिवेतन सुरू करण्याची लेखी मागणी करा. ते देण्याची तरतूद नियमांतच आहे, मेहेरबानी नाही. तुमची चूक नसताना उपदानाला निवृत्तीपासून तीन महिन्यांपेक्षा आणि निवृत्तिवेतनाला सहा महिन्यांपेक्षा जास्त उशीर झाला, तर अनुक्रमे नियम १२९-अ आणि १२९-ब प्रमाणे व्याज मागता येते. ‘चूक तुमची नव्हती’ हे सिद्ध करायला आजपासूनच्या प्रत्येक अर्जाची आवक क्रमांकासह पोच लागेल. पहिला अर्ज २०१६ च्या १२२ दिवसांचा द्या, दुसरा २०१३ च्या दुरुस्तीचा, आणि खासगी शाळेचा त्यानंतर.